वाट कुणी पाहायची? १९६ पाहुण्यांच्या स्वागतसमारंभात वाढपाची पद्धत कशी ठरली

लग्नाच्या स्वागतसमारंभात जेवण कसे वाढायचे हा प्रश्न बहुतेक घरांत एका वाक्यात निकालात निघतो: बुफे ठेवू किंवा सगळ्यांना बसवून वाढू. मग पुढचे सगळे श्रम पदार्थांची यादी, फुले आणि दिवे यांवर खर्च होतात. समन्वयक म्हणून काम करताना मला नेहमी वाटत आले आहे की पदार्थांच्या यादीइतकाच, कधी कधी तिच्याहून जास्त विचार वाढण्याच्या पद्धतीला द्यायला हवा. पद्धत कोणतीही घ्या, वाट पाहणे टळत नाही. फरक एवढाच की ती कोणी पाहायची, कुठे पाहायची आणि उभे राहून की बसून, हे पद्धत ठरवते. खालील प्रकरणात दोन्ही कुटुंबांनी हा विचार मनापासून केला, म्हणून ते सविस्तर लिहावेसे वाटले. कुटुंबांची ओळख यात ठेवलेली नाही.

परिस्थिती

पाहुणे १९६. त्यांत सत्तरी ओलांडलेले ४१, लहान मुले १८, चाकाच्या खुर्चीवरचे तिघे. अन्नाच्या ऍलर्जीमुळे किंवा आजारामुळे वेगळे जेवण लागणारे ११ जण: शेंगदाण्याची तीव्र ऍलर्जी असलेले दोन, सीलिऍकचे (गव्हातले ग्लूटेन न चालणारे) चार, बाकीच्यांना दूध किंवा अंडे वर्ज्य. हॉल लांबट, सुमारे ३२ मीटरचा, आणि स्वयंपाकघर त्याच्या एका टोकाला. स्वयंपाकघरातून हॉलमध्ये यायला एकच दुहेरी दार. गोल टेबले २२: त्यांतली १२ मोठी, १८० सेंटिमीटर व्यासाची, प्रत्येकी दहा माणसांची, १० लहान, १५० सेंटिमीटरची, प्रत्येकी आठ माणसांची. म्हणजे एकूण २०० खुर्च्या. केटररकडे वाढपी १४. संध्याकाळी सातला दारे उघडणार, अकराला हॉल रिकामा करून द्यायचा. जेवणानंतर नाच होता, त्यामुळे साडेनऊच्या पुढे जेवण रेंगाळू द्यायचे नव्हते.

जेवण तीन टप्प्यांचे ठरले होते: सुरुवातीचा थंड पदार्थ, मुख्य जेवण, मग गोड. त्यापुढे घरात दोन तट पडले होते.

वधू-वरांना बुफे हवा होता. पाहुण्यांनी मोकळेपणाने फिरावे, वर्षानुवर्षे न भेटलेल्यांनी एकमेकांशी बोलावे, आपल्याला हवे ते आणि हवे तेवढे घ्यावे, अशी त्यांची इच्छा. वराच्या आईचे म्हणणे याच्या अगदी उलट. "अहो, माणसं इतक्या लांबून आपल्यासाठी येणार, आणि आपण त्यांच्या हातात रिकामी प्लेट देऊन रांगेत उभं करायचं? मला नाही पटत," त्या पहिल्याच बैठकीत म्हणाल्या. वधूच्या वडिलांची काळजी तिसरीच होती. त्यांच्या आईला दहा मिनिटेही उभे राहवत नव्हते.

ऐकताना लक्षात आले की तिघेही आतिथ्याबद्दलच बोलत होते. वराच्या आईंना पाहुण्याला उठवायचे नव्हते, वधू-वरांना त्याला खिळवून ठेवायचे नव्हते, आणि वधूच्या वडिलांना एका विशिष्ट माणसाची अडचण दिसत होती. त्यामुळे कुणाचे बरोबर हे ठरवत बसण्यापेक्षा प्रत्येक पद्धत या हॉलमध्ये, या माणसांसह, प्रत्यक्षात कशी चालेल ते कागदावर मांडू, असे मी सुचवले. केटररचे मुख्य आचारी आनंदाने तयार झाले. त्यांनाही अंदाजावर चालायचे नव्हते.

पहिला पर्याय: स्वयंपाकघरातून तयार प्लेट

सर्वांत आधी हाच तपासला, कारण वराच्या आईंच्या मनात तो पक्का होता. हीच जुनी, खानदानी पद्धत, असे त्यांना वाटत होते. खरे तर युरोपातल्या मेजवान्यांमध्ये आधी उलट रीत होती. एका टप्प्याचे सगळे पदार्थ एकदम टेबलावर मांडले जात आणि जो तो हाताशी येईल ते घेई. तिला फ्रेंच पद्धत म्हणत. एकामागून एक पदार्थ आणून वाढण्याची रशियन पद्धत पॅरिसमध्ये १८१० च्या सुमारास रशियाचे राजदूत अलेक्सांद्र कुराकिन यांनी रूढ केल्याचे सांगितले जाते, आणि ती सर्वत्र पसरायला एकोणिसाव्या शतकाचा उत्तरार्ध उजाडला. हा बदल ज्यांनी केला त्यांच्याकडे नोकरांची फौज होती. अन्न गरम मिळावे म्हणून माणसे वाढवली गेली. ही जोडी आजही सुटलेली नाही, आणि आपल्याकडे वाढपी चौदाच होते.

आकडे असे आले. स्वयंपाकघरात प्लेट लावायच्या दोन ओळी बसत होत्या. एका प्लेटला २० सेकंद धरले तर एका ओळीतून मिनिटाला तीन, दोन्हींतून सहा. १९६ प्लेटना जवळजवळ ३३ मिनिटे. गरम कपाटांत ९६ प्लेट आधीच लावून ठेवता आल्या असत्या; उरलेल्या शंभरांसाठी तरी १७ मिनिटे लागणारच. म्हणजे पहिल्या टेबलाचे जेवण निम्मे झाले तेव्हा शेवटच्या टेबलासमोर प्लेट येणार, आणि आधी लावलेल्या ९६ प्लेटवरचा रस्सा तोवर कडेने सुकणार. वाढपी एका खेपेत तीन प्लेट नेतो असे धरले तरी ६६ खेपा, त्या सगळ्या एकाच दारातून.

यावर उपाय निघाले असते. कमी घटकांची प्लेट, आणखी सहा वाढपी, आणखी दोन कपाटे. पण एक अडचण पैशानेही सुटणारी नव्हती. मुख्य पदार्थ दोन होते, आणि निमंत्रणे आधीच गेली होती. त्यांत कुणाला कोणता पदार्थ हवा हे विचारलेले नव्हते. तयार प्लेटच्या पद्धतीत ही माहिती जेवणाच्या आधी हातात असावी लागते, शिवाय कोण कोणत्या खुर्चीवर बसणार तेही पक्के असावे लागते. १९६ जणांना पुन्हा फोन करून हे विचारणे शक्य होते, पण अर्धी उत्तरे "काहीही चालेल" अशी येतात आणि ऐन वेळी तीच माणसे शेजारच्याची प्लेट बघून मन बदलतात. हा पर्याय निमंत्रणपत्रिका छापण्याआधी निवडायचा असतो. ज्यांच्या पत्रिका अजून जायच्या आहेत त्यांनी एवढे तरी लक्षात ठेवावे.

दुसरा पर्याय: बुफे

बुफेचे गणित त्याच्या सर्वांत संथ पदार्थावर चालते. ज्या भांड्यापाशी माणूस सर्वांत जास्त वेळ थांबतो, त्याच वेगाने सगळी रांग सरकते. बाकीची भांडी कितीही सुटसुटीत असोत. आपल्या यादीत असा पदार्थ होता ज्यापाशी निवड करायला, चिमट्याने उचलायला आणि वर रस्सा घ्यायला साधारण १५ सेकंद लागत. म्हणजे काउंटरच्या एका बाजूने मिनिटाला चार माणसे, दोन्ही बाजूंनी आठ. १९६ माणसांना २५ मिनिटे, तीही मध्ये एकही खंड पडला नाही तर.

रांगांच्या अभ्यासात एक साधा नियम आहे, जॉन लिटल यांनी १९६१ मध्ये सिद्ध केलेला: रांगेत सरासरी किती माणसे असतील ते काढायचे तर माणसे येण्याच्या वेगाला प्रत्येकाच्या सरासरी थांबण्याच्या वेळेने गुणायचे. आपल्यापुरता त्याचा अर्थ असा की मिनिटाला आठ जण पुढे सरकणाऱ्या काउंटरसमोर ६० माणसे उभी असली तर नव्याने आलेल्याला साडेसात मिनिटे उभे राहावे लागेल. तीन-तीन टेबले बोलावली तर कुणालाही साडेतीन मिनिटांहून फारसे जास्त उभे राहावे लागणार नाही. पण शेवटच्या टेबलाला अन्न मिळायला लागणारा एकूण वेळ त्याने कमी होत नाही. उभे राहून पाहायची वाट तेवढी बसून पाहायची होते. वृद्धांसाठी हा फरक फार मोठा आहे, तरुणांसाठी जवळजवळ नाही. सगळा निर्णय पुढे याच जाणिवेवर उभा राहिला.

दुसरा काउंटर लावून वेळ निम्म्यावर आणता आला असता, पण तो नाचाच्या जागेवर येत होता आणि चाकाच्या खुर्च्यांना लागणारी ९० सेंटिमीटरची मोकळी वाट बंद करत होता. काउंटरची उंचीही खुर्चीत बसलेल्या माणसाला सोयीची नसते, त्याला कुणाला तरी "तेवढं वाढून देता का?" असे विचारावेच लागते. समारंभात आपल्या पाहुण्यावर ही वेळ येऊ नये असे मला वाटते.

ऍलर्जीवाल्या अकरा जणांच्या दृष्टीने तर बुफे सर्वांत धोकादायक. पदार्थ कितीही काळजीने वेगळा केलेला असो, शेजारच्या भांड्यातला डाव कुणीतरी त्यात घालतोच. शेंगदाण्याच्या तीव्र ऍलर्जीत तेवढा अंशही पुरतो. भांड्यासमोर पाटी लावणे आवश्यक आहे, पण पाटी डावाला अडवत नाही.

आणखी एक गोष्ट बुफेच्या विरोधात गेली. विविधता समोर असली की माणूस जास्त खातो, हे बार्बरा रोल्स आणि त्यांच्या सहकाऱ्यांनी १९८१ मध्ये दाखवून दिले होते. एकाच सारणाऐवजी चार वेगवेगळ्या सारणांची सँडविच दिल्यावर लोकांनी सुमारे एक तृतीयांश जास्त खाल्ले. बुफेवर माणूस खाण्याच्या आधीच निवडतो, त्यामुळे ही ओढ पोटाऐवजी प्लेटमध्ये जमा होते आणि पुष्कळ अन्न उष्टे राहते. संयुक्त राष्ट्रांच्या पर्यावरण कार्यक्रमाच्या २०२४ च्या अहवालानुसार २०२२ साली जगात १०५ कोटी टन अन्न वाया गेले, त्यातले २८ टक्के खानपान सेवांमधले. वधूला हा मुद्दा सगळ्यांत जास्त लागला, आणि बुफेचा आग्रह तिने स्वतःहून सैल केला.

तिसरा पर्याय: टेबलावर भांडी

प्रत्येक टेबलावर मोठ्या भांड्यांत मुख्य जेवण आणून ठेवायचे आणि बसलेल्यांनी एकमेकांना देत घ्यायचे, ही पद्धत वराच्या काकांनी बोलता बोलता सुचवली. वेळेच्या बाबतीत ती सरस ठरली. टेबलामागे तीन भांडी, म्हणजे एकूण ६६. तीन माणसांनी एकेक पदार्थ भरायचा, एका टेबलाला ४० सेकंद: २२ टेबले पंधरा मिनिटांच्या आत. वाढप्याने दोन भांडी नेली तर ३३ खेपा, तयार प्लेटच्या निम्म्या. आणि झाकणाच्या खोल भांड्यात अन्न प्लेटपेक्षा कितीतरी जास्त वेळ गरम राहते.

पण या पद्धतीच्या स्वतःच्या अटी आहेत, आणि त्या मानल्या नाहीत तर ती सगळ्यांत गैरसोयीची ठरते.

पहिली अट जागेची. लहान टेबलाचा व्यास १५० सेंटिमीटर. चारी बाजूंनी प्लेट आणि पेल्यांसाठी ३५-३५ सेंटिमीटर सोडले की मध्ये ८० सेंटिमीटरचे वर्तुळ उरते. त्यात २८ सेंटिमीटरची तीन भांडी बसतात, पण मग मधली उंच फुलांची सजावट राहू शकत नाही. सजावटीवर वधूच्या बहिणीने खूप मेहनत घेतली होती. तिने टेबलावरच्या फुलांची भांडी ठेंगणी केली आणि उंच रचना भिंतीलगत नेली. हे दोन महिने आधी कळले म्हणून जमले. समारंभाच्या दिवशी कळते, तर भांडी प्लेटवर टेकवावी लागली असती.

दुसरी अट पदार्थांची. आचाऱ्यांच्या मूळ यादीत एक कुरकुरीत तळलेला पदार्थ होता. झाकण लावले की वाफेने तो पाच मिनिटांत मऊ पडतो. झाकण न लावावे तर गार होतो. तो त्यांनी मुख्य जेवणातून काढला आणि पाहुणे येत असताना वाढप्यांनी ट्रेमधून फिरवायच्या पदार्थांत घातला, जिथे तो कढईतून निघाल्यावर चार मिनिटांत हातात पडतो. रस्सा असलेले, मंद आचेवर शिजवलेले पदार्थ भांड्यांना शोभतात. पदार्थाचा स्वभाव आणि वाढण्याची रीत यांची अशी सांगड घालायला जो आचारी स्वतःहून तयार होतो, त्याच्यावर मी डोळे मिटून विश्वास ठेवते.

तिसरी अट मोजमापाची, आणि इथे सर्वांत जास्त चूक होते. बुफेवर एका माणसाने कमी घेतले तर ते दुसऱ्याच्या उपयोगी पडते, कारण साठा एकच असतो. टेबलावरच्या भांड्यांत साठ्याचे २२ तुकडे होतात. कमी पडू नये म्हणून मुख्य पदार्थाच्या प्रत्येक भांड्यात दोन नग जास्त घातले, तर मोठ्या टेबलांचे १४४ आणि लहानांचे १००, असे २४४ नग लागतात. त्याऐवजी आम्ही भांड्यांत माणशी नेमके एकच ठेवले, म्हणजे २००, आणि २४ नगांचा राखीव साठा स्वयंपाकघरात गरम ठेवून दोन वाढप्यांना केवळ त्यासाठी फिरते ठेवले. २२४ मध्ये काम झाले, आणि जिथे भूक जास्त तिथे अन्न पोचले.

निर्णय

एवढे समोर आल्यावर संपूर्ण जेवणासाठी एकच पद्धत हवी हा आग्रहच उरला नाही. प्रत्येक टप्प्याला वेगळी पद्धत दिली.

सुरुवातीचा थंड पदार्थ पाहुणे बसण्याच्या वीस मिनिटे आधी जागेवर मांडून ठेवायचा. बसल्याबरोबर समोर खायला आहे, कुणालाच थांबावे लागत नाही, आणि वाढप्यांना मुख्य जेवणाची तयारी करायला उसंत मिळते. मुख्य जेवण टेबलावरच्या भांड्यांत. ज्येष्ठांच्या सहा टेबलांवर मात्र वाढप्याने पहिली फेरी स्वतःच्या हाताने वाढायची, मग भांडे खाली ठेवायचे. ती टेबले स्वयंपाकघराच्या दाराजवळ आणली, म्हणजे अन्न तिथे आधी पोचेल. साधारणपणे मानाची टेबले मंचाजवळ असतात, पण या दोन्ही घरांनी मान म्हणजे गरम अन्न आणि कमी आवाज असा अर्थ घेतला. मला तो फार आवडला.

गोड पदार्थांसाठी तीन छोटे काउंटर, हॉलच्या तीन कोपऱ्यांत. तोवर सगळ्यांचे पोट भरलेले, घाई कुणालाच नाही, पाय मोकळे करायची इच्छा असते. वधू-वरांना हवे असलेले फिरणे आणि भेटणे इथे आपोआप होणार होते. उठू न शकणाऱ्यांना गोड जागेवर न्यायचे.

मुलांना मुख्य जेवण मोठ्यांच्या पहिल्या टप्प्यातच द्यायचे ठरले. भुकेले मूल वाट पाहू शकत नाही, आणि ते अस्वस्थ झाले की त्याचे आईवडीलही जेवू शकत नाहीत. छायाचित्रकार आणि वादक यांनाही मुख्य जेवण पाहुण्यांबरोबरच, कारण घास घेणाऱ्या माणसांची छायाचित्रे कुणालाच नको असतात. उशिरा जेवायला बसवले, तर नाच सुरू होताना वादक जेवत असतात.

अकरा जणांच्या प्लेट स्वयंपाकघरात वेगळ्या जागी, वेगळ्या डावांनी, सर्वांत आधी लावायच्या. झाकून, वर नावाची चिठ्ठी लावून एकाच वाढप्याने न्यायच्या, आणि तेही टेबलावर सामायिक भांडी येण्यापूर्वी. ही माहिती गोळा करताना "काही ऍलर्जी आहे का?" एवढाच प्रश्न अपुरा पडतो. युरोपीय संघाच्या ११६९/२०११ या नियमावलीत १४ ऍलर्जीकारक घटकांची यादी आहे. ती समोर ठेवून एकेक घटक विचारला तेव्हा अकरांपैकी तिघे नव्याने कळले.

एका सूचनेला आचाऱ्यांनी आणि मी मिळून ठाम नकार दिला. वेळ वाचावा म्हणून रस्सा सकाळी करून मोठ्या पातेल्यात झाकून ठेवावा, असे एका नातेवाइकांनी सुचवले होते. मोठ्या पातेल्याचा मध्यभाग तासन्‌तास कोमट राहतो, आणि क्लॉस्ट्रिडियम परफ्रिंजेन्स या जीवाणूचे बीजाणू शिजवूनही मरत नाहीत. कोमट अन्नात ते झपाट्याने वाढतात. सहा ते चोवीस तासांनी पोटदुखी आणि जुलाब सुरू होतात, म्हणजे पाहुणे घरी पोचल्यावर. जागतिक आरोग्य संघटनेचा निकष सरळ आहे: वाढायचे गरम अन्न ६० अंश सेल्सिअसच्या वर, थंड अन्न ५ अंशांच्या खाली, आणि शिजवलेले अन्न साध्या तापमानाला दोन तासांपेक्षा जास्त नको. आचाऱ्यांनी तापमापक स्वतःच्या खिशात ठेवला होता.

प्रत्यक्ष संध्याकाळ

छायाचित्रे लांबली आणि पाहुणे ठरल्यापेक्षा १४ मिनिटे उशिरा बसले. मांडलेला थंड पदार्थ सुरक्षित होता, पण त्यातली पाने मलूल पडली असती. आचाऱ्यांनी आंबट रस वर न ओतता लहान वाटीत बाजूला दिला होता, त्यामुळे ती टवटवीत राहिली.

खरी कसोटी भाषणांच्या वेळी लागली. पहिल्या आणि मुख्य टप्प्यांच्या मध्ये तीन भाषणे होती, आणि ती बरीच लांबली. तयार प्लेटची पद्धत असती तर ९६ प्लेट कपाटांत सुकत उभ्या असत्या. इथे अन्न शेगडीवरच्या खोल पातेल्यांतच होते. शेवटचा वक्ता उभा राहिला की दाराशी उभ्या वाढप्याने आत खूण करायची, मगच भांडी भरायला घ्यायची, असे ठरले होते. उशिराचा अन्नावर काहीही परिणाम झाला नाही.

पहिल्या टेबलावर भांडी आली तेव्हा ८ वाजून ३४ मिनिटे झाली होती, शेवटच्या टेबलावर ८ वाजून ५१. मधले अंतर १७ मिनिटांचे, कागदावरच्या अंदाजापेक्षा दोनच मिनिटे जास्त. शेवटची टेबले तरुण मित्रमंडळींची होती आणि त्यांना उशीर जाणवलाही नाही. वधूच्या आजींना दुसऱ्याच मिनिटाला वाढले गेले. वराच्या आई जेवताना दोनदा उठून टेबलांमधून फिरल्या आणि समाधानाने परत येऊन बसल्या.

अडचणी आल्याच. मित्रमंडळींच्या दोन टेबलांवर भाजीचे भांडे आठव्या माणसापर्यंत जाईतो रिकामे झाले. मुख्य नग मोजून दिले होते, भाजी मात्र अंदाजाने, आणि पहिल्यांनी सढळ हाताने घेतली. फिरत्या वाढप्यांनी ते भरून काढले, पण राखीव साठा फक्त मुख्य नगांचाच नेमका मोजलेला होता. भाजीचा सुदैवाने पुरला. दुसरी अडचण वजनाची. मोठ्या टेबलाचे भरलेले भांडे तीन किलोंच्या आसपास जात होते. ज्येष्ठांच्या एका टेबलावर वाढपी पहिली फेरी करून गेला आणि नंतर ते कुणालाच उचलवेना. पलीकडे बसलेल्यांनी दुसऱ्यांदा मागितलेच नाही. हात आखडून बसलेला पाहुणा आपणहून तक्रार करत नाही, म्हणून तो कुणाला तरी दिसावा लागतो. वराच्या बहिणीला ते दिसले आणि तिने उठून सगळ्यांना वाढले.

गोडाच्या तीन काउंटरपैकी गच्चीच्या दाराजवळच्या काउंटरवर गर्दी झाली आणि वादकांजवळचा जवळजवळ ओस पडला. माणसे आवाजापासून दूर आणि हवेच्या दिशेने जातात. काउंटर सारख्या अंतरावर लावताना हे विचारात घेतले गेले नव्हते. तिथले अर्धे ट्रे दहा मिनिटांत गच्चीकडे हलवल्यावर रांग मोडली.

वधू-वरांचे जेवण हा मी प्रत्येक समारंभात जपते असा विषय. भेटायला येणाऱ्यांच्या गराड्यात अनेक जोडपी स्वतःच्या लग्नात उपाशी राहतात. इथे त्यांना पहिल्या टेबलाबरोबरच वाढले, आणि पुढची वीस मिनिटे त्यांच्या टेबलाकडे येणाऱ्यांना वधूची मावशी हसून "जेवू द्या हो त्यांना, मग निवांत भेटा" म्हणत परतवत होती. दोघेही पोटभर जेवले.

साडेनऊला मुख्य भांडी उचलली गेली. टेबलावर जाऊन आलेले उरलेले अन्न टाकून द्यावे लागले, कारण त्याला अनेकांचे हात लागलेले होते. स्वयंपाकघरात ६० अंशांच्या वर राखलेले अन्न मात्र वाढपी आणि हॉलच्या कर्मचाऱ्यांनी बसून खाल्ले.

नंतरच्या बैठकीत केटररने स्वतःहून तीन बदल नोंदवले. दहा माणसांच्या टेबलाला एका मोठ्या भांड्याऐवजी निम्म्या आकाराची दोन, समोरासमोर ठेवलेली. त्यासाठी १८० सेंटिमीटरच्या टेबलावर मधले ११० सेंटिमीटरचे वर्तुळ पुरते. भाजीचाही राखीव साठा मोजून. आणि ज्येष्ठांच्या टेबलांवर पहिल्या फेरीनंतर दहा मिनिटांनी दुसरी फेरी, कुणी मागितले नाही तरी.